चिचेन इत्झा आणि दोन सेनोते: एका दिवसाची छोट्या गटाची सहल कशी आखावी

मेक्सिकोच्या युकातान द्वीपकल्पात चिचेन इत्झा इथले माया संस्कृतीचे अवशेष आणि सेनोते, म्हणजे चुनखडीत तयार झालेली गोड्या पाण्याची कुंडं, एकाच दिवसात नीट बघून होतात. पण हा दिवस जमेल की फसेल हे तुम्ही काय बघता यापेक्षा कोणत्या क्रमाने बघता यावर ठरतं. सकाळी दार उघडताच अवशेष, ऊन डोक्यावर आलं की पाणी. बऱ्याच मोठ्या बसच्या सहली उशिरा पोचतात, म्हणून लोक भर दुपारी बिनसावलीच्या पटांगणात गर्दीत उभे राहतात आणि संध्याकाळी काळोख्या कुंडात कुडकुडतात. चार ते आठ जणांच्या गटाला वेळापत्रक आपल्या हातात ठेवता येतं. तो फायदा कसा घ्यायचा ते पुढे सांगितलं आहे. अमेरिकेत राहणारी मराठी कुटुंबं मोठ्या सुट्टीत तिथल्या किनाऱ्यावरच्या कॅनकूनला जातात आणि त्यातला एक दिवस यासाठी ठेवतात. मुख्यतः त्यांच्यासाठी हे लिहिलं आहे, पण भारतातून येणाऱ्यांनाही सगळं लागू पडेल.

१. मुक्काम कुठे आणि गट किती जणांचा

शक्य असेल तर आदल्या रात्री वायादोलिद या गावात मुक्काम करा. चिचेन इत्झा तिथून सुमारे ४५ किलोमीटरवर आहे आणि गाडीने पाऊण तास लागतो. कॅनकूनहून तेच अंतर २०० किलोमीटर, म्हणजे अडीच तास. एका रात्रीचं सामान घेऊन वायादोलिदला आलात तर पहाटेची धावपळ वाचते आणि परतीच्या वेळचं अंधारातलं ड्रायव्हिंगही टळतं. गाव सुंदर आहे, हॉटेलं किनाऱ्यापेक्षा स्वस्त आहेत. कॅनकूनहून एका दिवसात जाऊन येणंही जमतं, मात्र पहाटे निघायची तयारी हवी.

गट चार जणांचा असेल तर एक भाड्याची गाडी पुरते. पाच मोठी माणसं आणि ओले टॉवेल एका साध्या गाडीत बसवू नका. सहा ते दहा जण असतील तर ड्रायव्हरसह व्हॅन ठरवा. माणशी खर्च दोन गाड्यांच्या आसपासच येतो आणि कुणालाच दिवसभर स्टिअरिंग धरून बसावं लागत नाही. बारापेक्षा जास्त माणसं झाली की तिकिटं, स्वच्छतागृहं आणि कपडे बदलण्यात इतका वेळ जातो की एक सेनोते सोडून द्यावं लागतं.

एका दिवसात एक पुरातन स्थळ आणि सेनोतेंची जास्तीत जास्त दोन ठिकाणं (एकाच आवारातली दोन सेनोते म्हणजे एक ठिकाण). जाहिरातींत तीन सेनोते, किनाऱ्यावरचे तुलुमचे अवशेष आणि चिचेन इत्झा असं सगळं एकत्र दिसेल. त्यात निम्मा दिवस गाडीतच जातो.

२. तारीख निवडताना

नोव्हेंबर ते मार्च हा सगळ्यांत चांगला काळ. एप्रिल-मेमध्ये पारा ३५ ते ४० अंशांपर्यंत जातो आणि हवा दमट असते. जून ते ऑक्टोबर पावसाळा. पाऊस बहुधा दुपारनंतर येतो, त्यामुळे सकाळचे अवशेष तरीही जमतात, पण ऑगस्ट ते ऑक्टोबर या वादळांच्या दिवसांत विमान-हॉटेलाचं बुकिंग रद्द करता येईल असंच घ्या.

रविवार टाळा. मेक्सिकोच्या नागरिकांना त्या दिवशी पुरातन स्थळांवर मोफत प्रवेशाची सवलत असते, त्यामुळे सहकुटुंब गर्दी होते. २१ मार्च आणि २२ सप्टेंबरच्या आसपासचे विषुवदिन हा वेगळाच विषय आहे. तेव्हा दुपारी उतरत्या उन्हात चिचेन इत्झातल्या कुकुल्कान या नागदेवाच्या पिरॅमिडच्या उत्तरेकडच्या जिन्याच्या कठड्यावर प्रकाशाचे त्रिकोण पडतात आणि खाली कोरलेल्या सर्पमुखापर्यंत नाग उतरत असल्याचा भास होतो. हजारो लोक त्यासाठी येतात. ते दृश्य बघायचंच असेल तर त्या दिवसाच्या दोन-तीन दिवस आधी किंवा नंतर जा. त्रिकोण जवळजवळ तसेच दिसतात आणि उभं राहायला जागा मिळते. मात्र ते दुपारी उशिरा दिसतं, म्हणून त्या दिवशी खालचं वेळापत्रक उलटं करावं लागेल.

३. कागदपत्रं

भारतीय पासपोर्ट असलेल्यांना मेक्सिकोसाठी व्हिसा लागतो, पण त्यातून मोठी सूट आहे. अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, जपान किंवा युरोपातल्या शेंगेन गटातल्या देशांचा वैध व्हिसा पासपोर्टवर असेल, किंवा त्या देशांतला कायम वास्तव्याचा परवाना (अमेरिकेचं ग्रीन कार्ड वगैरे) असेल, तर पर्यटनासाठी वेगळा मेक्सिकन व्हिसा लागत नाही. भारतातून अमेरिकेमार्गे येणाऱ्यांना अमेरिकेचा व्हिसा लागतोच, त्यामुळे त्यांचंही काम त्यातच होतं.

सगळ्यांत जास्त लोक इथे अडकतात: एच-१बी या नोकरीच्या व्हिसावर असलेल्यांचा अमेरिकेतला मुक्काम कायदेशीर असतो, त्याच्या मंजुरीचं पत्र (आय-७९७) हातात असतं, पण पासपोर्टवरचा व्हिसाचा शिक्का मात्र संपलेला असतो. अमेरिकेच्या नियमांत मेक्सिकोच्या ३० दिवसांपर्यंतच्या सहलीनंतर अशा शिक्क्यावरही वैध आय-९४ (अमेरिकेतल्या प्रवेशाची नोंद) दाखवून परत येण्याची तरतूद आहे, आणि ती वाचून लोक निश्चिंत होतात. पण ती तरतूद परत येण्यापुरती आहे. मेक्सिकोत शिरताना तिथला अधिकारी वैध शिक्काच बघतो. शिक्का संपला असेल तर आधी मेक्सिकन व्हिसा काढा, नाहीतर विमान कंपनी विमानतळावरच तुम्हाला थांबवेल. शिवाय ही तरतूद सगळ्यांना सरसकट लागू नाही. अमेरिकेबाहेर असताना नव्या व्हिसासाठी अर्ज केला की तिचा फायदा जातो. निघण्याआधी आपल्या कंपनीच्या वकिलाला विचारून घ्या.

सोबत ठेवायचं ते असं:

- पासपोर्ट, आणि त्याची रंगीत प्रत वेगळ्या पिशवीत
- वैध व्हिसा किंवा ग्रीन कार्ड, मूळ
- एच-१बी असेल तर मूळ आय-७९७ आणि आय-९४ची छापील प्रत. विद्यार्थी असाल तर प्रवासाची सही असलेलं आय-२० (विद्यापीठाचं प्रवेशपत्र)
- हॉटेलचं बुकिंग आणि परतीचं तिकीट, कागदावर
- गाडी चालवणाऱ्याचं मूळ लायसन्स आणि त्याच्याच नावाचं क्रेडिट कार्ड
- मेक्सिकोत शिरताना पासपोर्टवर मारलेल्या शिक्क्याचा फोटो

सहलीच्या दिवशी मूळ पासपोर्ट सेनोतेच्या काठावर घेऊन जायची गरज नाही. तो हॉटेलच्या तिजोरीत ठेवा आणि जवळ प्रत व फोटो ठेवा.

४. गाडी घ्यायची की टूर

*स्वतःची गाडी.* संकेतस्थळावर दिवसाला अगदी किरकोळ भाडं दिसतं. काउंटरवर गेल्यावर ते तिप्पट होतं, कारण मेक्सिकोत दुसऱ्याच्या नुकसानीचा विमा घ्यावाच लागतो आणि तो त्या भाड्यात धरलेला नसतो. अमेरिकन क्रेडिट कार्डाचं संरक्षण असलं तरी ते बहुधा भाड्याच्या गाडीच्या नुकसानीपुरतं असतं, समोरच्याच्या नुकसानीला चालत नाही. बुकिंग करतानाच विम्यासह एकूण रक्कम लेखी मागा. कार्डावर अनामत म्हणून मोठी रक्कम अडकवली जाते, तेवढी मर्यादा कार्डात शिल्लक ठेवा. गाडी ताब्यात घेताना चारही बाजू, टायर, काच आणि पेट्रोलचा काटा यांचा व्हिडिओ काढा.

कॅनकून ते वायादोलिद दोन रस्ते आहेत. टोलचा महामार्ग (१८० डी, पाट्यांवर ‘कुओता’) सरळ, रिकामा आणि महाग. जुना बिनटोलचा रस्ता (‘लिब्रे’) गावागावांतून जातो आणि प्रत्येक गावाच्या वेशीवर ‘तोपे’ म्हणजे गतिरोधक असतात. काहींवर रंगही नाही, फलकही नाही. वेगात आदळलात तर गाडीचं खालचं अंग फाटतं, आणि ते नुकसान बऱ्याच विम्यांत बसत नाही. जाताना टोलचा रस्ता घ्या. टोलला पेसोत रोख ठेवा. त्या रस्त्यावर पेट्रोलपंप फार लांब लांब आहेत, म्हणून टाकी निघतानाच भरा. पंपावर कर्मचारीच पेट्रोल भरतो. भरायला लागण्याआधी मीटर शून्यावर आहे ना ते बघा आणि काम झाल्यावर त्याला थोडी टीप द्या.

वाटेत, विशेषतः स्थळाजवळ पोचताना, चमकदार जाकीट घातलेली माणसं हात दाखवून गाडी थांबवायला लावतात: पुढे रस्ता बंद आहे, पार्किंग इथेच आहे, तिकीट इथेच मिळतं. ती अधिकृत नसतात. नकाशावरच्या मुख्य पार्किंगपर्यंत न थांबता जा.

*टूर.* पैसे भरण्याआधी पाच प्रश्न लेखी विचारा. गाडीत जास्तीत जास्त किती माणसं असतील? (‘छोटा गट’ म्हणत वीस माणसांची मिनीबस पाठवणारे आहेत.) प्रवेश तिकिटं किमतीत धरली आहेत की गाडीत बसल्यावर वेगळा ‘कर’ मागणार? आधी अवशेष की आधी सेनोते? अवशेषांच्या दाराशी किती वाजता पोचणार? वाटेत दुकानात थांबणार का, किती वेळ? शेवटच्या प्रश्नाचं उत्तर गोलगोल आलं तर समजा की चांदीच्या आणि दगडी वस्तूंच्या दुकानात पाऊण तास जाणार. आठनंतर पोचणारी टूर कितीही स्वस्त असली तरी घेऊ नका.

*सार्वजनिक वाहन.* कॅनकूनहून एडीओ या कंपनीच्या बस चांगल्या आहेत, आणि वायादोलिदहून चिचेन इत्झाला ‘कोलेक्तिवो’, म्हणजे माणसं भरली की सुटणाऱ्या व्हॅन जातात. डिसेंबर २०२३मध्ये सुरू झालेली माया रेल्वेही वायादोलिद आणि चिचेन इत्झाला थांबते. दोघांसाठी हे पुरेसं आहे. लहान मुलं किंवा आजी-आजोबा बरोबर असतील तर मात्र दिवसाच्या मधल्या बदल्या त्रासदायक होतात.

५. पैसे

अख्खा दिवस पेसोत चालतो. डॉलर घेतात, पण दर दुकानदाराचा असतो. बँकेच्या एटीएममधून पेसो काढा, आणि पडद्यावर ‘आमच्या दराने रूपांतर करू का’ असा प्रश्न आला की नाही म्हणा. मग तुमच्या बँकेचा दर लागतो, जो जवळजवळ नेहमीच बरा असतो.

चिचेन इत्झाचं प्रवेशशुल्क दोन भागांत असतं: एक युकातान राज्याचं, दुसरं आयएनएएच या केंद्रीय पुरातत्त्व संस्थेचं. पुष्कळ लोक पहिलं तिकीट घेऊन दारात जातात आणि दुसऱ्यासाठी पुन्हा रांगेत येतात. दोन्ही पावत्या हातात आल्याशिवाय खिडकीसमोरून हलू नका. परदेशी पाहुण्यांना हे शुल्क बऱ्यापैकी महाग पडतं आणि बहुधा जानेवारीत वाढतं, म्हणून जुन्या प्रवासवर्णनातल्या आकड्यांवर हिशोब करू नका. सेनोतेंना साधारण १०० ते २५० पेसो माणशी लागतात. लॉकर, लाइफ जॅकेट आणि पार्किंग वेगळं. लहान नोटा आणि नाणी भरपूर ठेवा, कारण गावातल्या सेनोतेवर ५०० पेसोची नोट मोडून मिळणं कठीण असतं.

६. पिशवीत काय

अंगावर लांब बाह्यांचा सुती किंवा लवकर वाळणारा शर्ट, रुंद कडेची टोपी, पकड असलेले बूट. पिशवीत माणशी दीड लिटर पाणी, छत्री, पोहण्याचे कपडे, पातळ टॉवेल, पाण्यात घालायचे रबरी बूट, ओल्या कपड्यांसाठी जाड पिशवी, मीठ-साखरेची पुडी, आणि शाकाहारी माणसांसाठी सुका खाऊ. नळाचं पाणी पिऊ नका, दातही बाटलीच्या पाण्याने घासा. ड्रोन हॉटेलवरच ठेवा. पुरातन स्थळांवर खास परवानगीशिवाय तो उडवता येत नाही.

सनस्क्रीनबद्दल नीट विचार करा, कारण इथे दोन गरजा एकमेकींच्या विरुद्ध जातात. अवशेषांत सावली फार कमी, आणि सेनोतेत कोणतंही क्रीम चालत नाही. ‘जैवविघटनशील’ लिहिलेलं आणि डास घालवणारं मलमसुद्धा नाही. युकातानच्या या भागात जमिनीवर नद्या नाहीत. पावसाचं पाणी चुनखडीतून खाली मुरतं आणि तेच भूजल सगळ्या द्वीपकल्पाला प्यायला लागतं. सेनोते हे त्या भूजलाचं उघडं तोंड. क्रीमची तेलकट साय त्या संथ पाण्यावर तशीच राहते. म्हणून सकाळी हात-पाय कपड्यांनी झाका, छत्री वापरा आणि क्रीम फक्त चेहरा व मानेपुरतं लावा. मग सेनोतेवरच्या शॉवरखाली ते पूर्ण धुणं सोपं जातं.

७. घड्याळ

कॅनकून, प्लाया देल कार्मेन आणि तुलुम किंताना रो राज्यात आहेत. चिचेन इत्झा आणि वायादोलिद युकातान राज्यात. या दोन राज्यांच्या घड्याळात एका तासाचा फरक आहे: युकातान एक तास मागे. म्हणजे कॅनकूनहून सकाळी सव्वासहाला निघून अडीच तासांनी पोचलात तर तिथे पावणेआठच वाजलेले असतात. जाताना एक तास मिळतो आणि येताना तोच जातो. फोन सीमेवर आपोआप बदलतो, गाडीचं घड्याळ बदलत नाही, आणि टूरवाल्याने सांगितलेली वेळ कोणती हे कुणी स्पष्ट करत नाही. संध्याकाळचं विमान असेल तर हा तास विसरू नका.

वायादोलिदहून निघणाऱ्यांचा दिवस (युकातानच्या वेळेनुसार):

- ६.३० नाश्ता
- ७.०० प्रस्थान
- ७.४५ तिकिटाच्या रांगेत
- ८.०० ते १०.४५ चिचेन इत्झा
- ११.३० झित्नुपचे दोन सेनोते, श्केकेन आणि सामुला
- १.३० वायादोलिदला जेवण
- ३.०० हवं तर ओश्मान सेनोते
- ४.३० परत

८. चिचेन इत्झामध्ये पावणेतीन तास

दारातून आत आलात की समोर मोठं पटांगण आणि मधोमध कुकुल्कानचा पिरॅमिड. पहिली दहा मिनिटं इथेच थांबा, कारण साडेनऊनंतर माणसांशिवाय तो दिसणार नाही. वरच्या मंदिरासह उंची सुमारे ३० मीटर. चारही बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या, म्हणजे ३६४, आणि माथ्याचा चौथरा धरला की ३६५: सौरवर्षाचे दिवस. वर चढायला बंदी आहे, आणि दोरी ओलांडली तर पहारेकरी बाहेर काढतात. उत्तरेकडच्या जिन्यासमोर थोड्या अंतरावर उभं राहून एकदा जोरात टाळी वाजवा. पायऱ्यांवरून परत येणारा आवाज किलबिलीसारखा उतरता ऐकू येतो. गर्दीत शंभर जण एकदम टाळ्या वाजवत असतात तेव्हा हे कळत नाही. या पिरॅमिडच्या पोटात आधीचा, लहान पिरॅमिड आहे. १९३०च्या दशकातल्या उत्खननात तिथे जेड या हिरव्या दगडाच्या ठिपक्यांचं लाल जॅग्वारचं आसन सापडलं. ते बघायला आत सोडत नाहीत, पण समोर उभं असताना माहीत असावं.

मग पश्चिमेला चेंडूच्या खेळाचं मोठं मैदान. लांबी सुमारे १६८ मीटर, रुंदी ७० मीटर. मेसोअमेरिकेतलं, म्हणजे मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतल्या प्राचीन संस्कृतींच्या प्रदेशातलं, सर्वांत मोठं. भिंतींवर उंचावर दगडी कडी आहेत. लोक त्यांचे फोटो काढून निघून जातात आणि खरी गोष्ट त्यांच्या नजरेतून सुटते: भिंतींच्या पायथ्याच्या तिरप्या फळ्यांवरचं कोरीवकाम. त्यात एका खेळाडूचं शिर कापलेलं आहे आणि मानेतून रक्ताच्या धारा सापांच्या रूपात निघताना दाखवल्या आहेत. सकाळच्या तिरप्या उजेडात हे उठून दिसतं, दुपारी सपाट होतं. शेजारीच कवट्यांच्या रांगा कोरलेला चौथरा आहे.

तिथून उत्तरेला साधारण ३०० मीटरचा जुना पांढरा मार्ग पवित्र सेनोतेपर्यंत जातो. इथे पोहत नाहीत, फक्त काठावरून बघायचं. व्यास सुमारे ६० मीटर, कडे सरळ तुटलेले, पाणी हिरवं आणि गप्प. पर्जन्यदेव चाक याला इथे अर्पण केलेलं सोनं, जेड, धूप आणि माणसांची हाडं विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्पसन याने गाळ उपसून काढली. बराचसा ऐवज अमेरिकेतल्या हार्वर्ड विद्यापीठाच्या पीबॉडी संग्रहालयात गेला, त्यातला काही नंतर मेक्सिकोला परत मिळाला. दुपारी पोहायला उतरण्याआधी हे कुंड बघितलेलं बरं. माया लोकांसाठी ते पाणी काय होतं हे इथे समजतं.

परत येताना पूर्वेला योद्ध्यांचं मंदिर आणि त्यालगतची खांबांची रांग. साडेनऊ होत आले असतील, बस येऊ लागल्या असतील. आता दक्षिणेकडे वळा. बहुतेक गट इकडे येतच नाहीत. एल काराकोल ही गोल मनोऱ्याची वेधशाळा, तिच्या खिडक्यांच्या दिशा शुक्राच्या उगवण्या-मावळण्याशी जोडल्या जातात. त्यापुढे लास मोंखास हा इमारतींचा समूह आणि ‘ला इग्लेसिया’ नावाची छोटी इमारत, जिच्यावर लांब वळलेल्या नाकाचे देवमुखवटे ओळीने बसवले आहेत. कोरीवकामाची आवड असणाऱ्याने वेळ इथे द्यावा, पटांगणात नाही.

गाइड घ्यावा का? हो, चार जण असाल तर नक्की. फलक त्रोटक आहेत आणि वरच्या गोष्टी कुणी बोट दाखवल्याशिवाय दिसत नाहीत. अधिकृत गाइडच्या गळ्यात सरकारी ओळखपत्र असतं. तीन गोष्टी आधी ठरवा: दर अख्ख्या गटाचा की माणशी, भाषा कोणती, आणि किती वेळ. दीड ते दोन तासांचा फेरा असतो. त्यात दक्षिण भाग येतो का हे विचारा, कारण बऱ्याचदा तो गाळतात.

९. सेनोते: पाण्यात उतरण्याआधी

झित्नुप वायादोलिदपासून ६-७ किलोमीटरवर आहे. एकाच आवारात दोन सेनोते: श्केकेन, ज्याच्या छतावरून चुन्याचे लोंब उतरले आहेत, आणि सामुला, जिथे वरच्या झाडाची मुळं छताच्या भोकातून पाण्याकडे लोंबतात. दोन्ही गुहेतले. छतातल्या भोकातून येणारा उन्हाचा झोत हे त्यांचं वैभव आहे, आणि त्यासाठीच साडेअकराची वेळ धरली आहे. या भागात सूर्य बारा वाजण्याच्या थोडा आधी माथ्यावर येतो. मे अखेर ते जुलैपर्यंत झोत जवळजवळ सरळ पाण्यावर पडतो. डिसेंबरात भर दुपारीही सूर्य ४५ अंशांच्या आसपासच असतो, म्हणून झोत तिरका, भिंतीवर पडतो. तीनला गेलात तर फक्त विजेचे दिवे.

इक किल हे सेनोते चिचेन इत्झापासून अवघ्या ३ किलोमीटरवर आहे आणि म्हणूनच अकरा ते दोनमध्ये तिथे सगळ्या बस रिकाम्या होतात. जागा विलक्षण देखणी आहे: वरून वेली सोडलेलं गोल कुंड, पाणी जमिनीपासून सुमारे २६ मीटर खाली. बघायचंच असेल तर सगळ्यांत आधी किंवा साडेतीननंतर. शांतता हवी असेल तर चिचेन इत्झाच्या पश्चिमेला योकझोनोत हे सेनोते आहे, जे गावातल्या माया स्त्रियांची सहकारी संस्था चालवते. तुमचे पैसे थेट गावात राहतात आणि जेवणही चांगलं मिळतं. सुयतुन या सेनोतेतल्या गोल दगडी चौथऱ्यावरचे फोटो सगळ्यांनी पाहिलेले असतात. फोटोसाठी रांग लावायची तयारी नसेल तर ते सोडा.

क्रम असा ठेवा: आधी स्वच्छतागृह, मग लॉकर, मग शॉवर. शॉवर सक्तीचा असतो, साबण न लावताच पण चोळून अंग धुवा. मग लाइफ जॅकेट. बऱ्याच ठिकाणी तेही सक्तीचं आहे, आणि सक्ती नसली तरी घ्या.

कारण हे पाणी समुद्रासारखं वागत नाही. पहिली गोष्ट, ते गोडं आहे, म्हणून शरीर कमी तरंगतं. कॅनकूनच्या किनाऱ्यावर सहज पोहणारा माणूस इथे लवकर दमतो. दुसरी, उथळ भाग बहुतेक ठिकाणी नसतो. शेवटची पायरी सोडली की खाली थेट कित्येक मीटर पाणी. उतरण्याची पद्धत आपल्याकडच्या बारवेसारखी आहे, फक्त इथे पायऱ्या पाण्याखाली पुढे जात नाहीत. तिसरी, पाणी वर्षभर २४-२५ अंशांच्या आसपास. उन्हातून येऊन एकदम उडी घेतली तर श्वास अडकतो. आधी पायरीवर बसून पाय, मग छाती-मान ओली करा.

पोहता येत नसेल तरी मागे राहू नका. लाइफ जॅकेटचे सगळे पट्टे घट्ट बांधा (मुलांच्या जॅकेटचा पायांमधला पट्टाही), जिन्याने उतरा आणि कुंडात आडवा बांधलेला दोर धरून राहा. दर दोन मुलांमागे एक मोठं माणूस पाण्यात हवं, काठावर नाही. उडी फक्त जिथे त्यासाठी चौथरा केलेला आहे तिथूनच मारा, तीही खाली कुणी नाही हे बघून. गुहेतल्या पायऱ्या कायम ओल्या आणि गुळगुळीत असतात. अपघात पाण्यापेक्षा तिथेच जास्त होतात, म्हणून रबरी बूट. गुडघे दुखणाऱ्यांना श्केकेनचा अरुंद उतार अवघड जातो. त्यांच्यासाठी उघडं सेनोते निवडा. बारीक काळे मासे पायाला लागतात, वर वटवाघळं असतात. दोन्ही निरुपद्रवी आहेत.

डायव्हिंगचं साधं प्रमाणपत्र असणाऱ्यांनी एक लक्षात ठेवावं: त्यावर फक्त उजेड दिसतो तिथपर्यंतच, पात्र गाइडबरोबर जाता येतं. त्यापुढच्या बोगद्यांसाठी गुहा-डायव्हिंगचं स्वतंत्र प्रशिक्षण लागतं. ‘चला, थोडं आत जाऊ’ म्हणणाऱ्याला ठाम नकार द्या.

१०. जेवण

पोहून झाल्यावर जेवा. शाकाहारी लोकांची फसगत न दिसणाऱ्या गोष्टींत होते: राजम्यासारख्या काळ्या घेवड्याच्या लगद्यात डुकराची चरबी, भातात आणि सूपमध्ये कोंबडीचं पाणी. म्हणून नुसतं ‘शाकाहारी’ म्हणून थांबू नका. ‘सिन कार्ने, सिन पोयो, सिन मांतेका’ म्हणा: मांस नको, कोंबडी नको, चरबी नको. स्थानिक पदार्थांत भोपळ्याच्या बिया आणि टोमॅटोची सिकिल पाक ही चटणी बहुतेक ठिकाणी निर्धोक असते आणि मक्याच्या चिप्सबरोबर फार चांगली लागते. पापाझुलेस या पदार्थात उकडलेलं अंडं असतं. चाया या पालेभाजीचं गार सरबत मागवा. हाबानेरो मिरचीची वाटी टेबलावर येईल, तिखटाची सवय असली तरी थेंबाने सुरुवात करा. सहलीत ठरलेल्या बुफेत शाकाहाऱ्यांना बहुधा भात, सॅलड आणि फळंच उरतात, म्हणून वायादोलिदच्या चौकाजवळ स्वतः जागा निवडलेली बरी.

वाढणाऱ्याला, तिकीट देणाऱ्याला ‘दिओस बोओतिक’ म्हणा. माया भाषेतलं ते आभार आहेत, आणि ती भाषा इथल्या घरांत आजही बोलली जाते.

११. परतताना

डिसेंबरात वायादोलिदला सव्वापाचलाच सूर्य मावळतो, जूनमध्ये साडेसहाच्या सुमारास. कॅनकूनला जायचं असेल तर हिवाळ्यात तिसरा थांबा गाळून साडेतीनला निघा. अंधारात बिनटोलचा रस्ता घेऊ नका: गतिरोधक दिसत नाहीत, आणि बिनदिव्याच्या सायकली व जनावरं रस्त्यावर असतात. टोलच्या रस्त्याने दोन तास, अधिक घड्याळाचा एक, म्हणजे साडेतीनला निघालेली गाडी कॅनकूनच्या साडेसहाला पोचते. गाडी भाड्याने देणाऱ्यांचं कार्यालय बंद होण्याची वेळ कॅनकूनच्या घड्याळाने बघा. गाडी परत देण्याआधी जवळच्या पंपावर टाकी भरून पावती ठेवा, सीट ओल्या टॉवेलने भिजल्या नाहीत ना ते बघा, आणि कर्मचाऱ्यासमोर पुन्हा चारही बाजूंचा व्हिडिओ काढून ‘नुकसान नाही’ असं कागदावर लिहून घ्या. अनामत रक्कम कार्डावर परत यायला काही दिवस लागतात, तोवर तो कागद जपून ठेवा.